वाटे थोरल्यानं पाडायचे

साडी मोरपंखी होती. इंद्रजीतनं ती पिशवीतून काढून बहिणीच्या काउंटरवर ठेवली, वर पेढ्यांचा पुडा. बहिणीनं हक्कसोडपत्रावर सही करायची आणि भावानं तिला साडी-चोळी करायची, ही करमाडकडची रीत. त्यांचा बाप सांडू जाऊन वर्ष झालं होतं, आई त्याआधीच गेलेली. जालना रोडला लागून असलेलं त्याचं वावर दोघा भावांच्या नावावर व्हायचं तेवढं राहिलं होतं.

दीपमाला शहरात, गुलमंडीत साड्या विकते. तिनं पदर बोटांत धरून पाहिला.

"दादा, शेजारच्या दुकानातून आणली व्हय? माझ्याकडूनच घ्यायची, धंदा तरी झाला असता."

तो हसला. सही करणार नाही, असं तिनं सांगितलं तेव्हा हसायचा थांबला.

तिला साडी नको होती. साडीच्या जागी रोख देतो म्हणाला, तेही नको होतं. वावरातला वाटा हवा होता.

·

उलटतपासणी, वादी दीपमाला:

हे खरं आहे की माझं लग्न वडिलांनी केलं. भावांचीही त्यांनीच केली.

हे खरं आहे की मी कधी नांगर धरला नाही. माझा भाऊ विश्वजीत शेंद्र्याला कंपनीत जातो. त्यानंही धरलेला नाही.

हे खरं नाही की नवऱ्यानं मला फूस लावली. तो दावा टाकू नको म्हणत होता.

हे खरं आहे की दर दिवाळीला मला माहेरी बोलावत. दावा टाकल्यापासून बोलावलं नाही.

हे खरं नाही की मला भावांचं वाईट करायचं आहे.

हे खरं नाही की मी रडते आहे.

·

घरात मिटत असेल तर बघा, असं न्यायाधीश म्हणाले आणि पुढची तारीख दिली. इंद्रजीतच्या वकिलानं त्याला बाहेर अदालत रोडवर चहा पाजला. कायद्यानं बहिणीला तिसरा हिस्सा जाणार, कोर्टाचा माणूस येऊन मोजणी करणार, हे समजावलं. संध्याकाळी इंद्रजीतचा फोन आला. परका माणूस वावरात कशाला, घरच्या रीतीनं करू, तिसरा वाटा घे म्हणाला.

नाल्याकडचं मुरमाड देतील, सांभाळा, असं तिच्या वकीलबाई म्हणाल्या.

तिनं भावाला एकच अट घातली. रीत कोणती, ते कडुबातात्यासमोर सांगायचं.

·

कडुबातात्या बापाचा चुलतभाऊ. भावकीतली प्रत्येक वाटणी त्याच्यासमोर झालेली.

वावरात चुन्याची फक्की टाकून वाटे पाडलेले. दोन रस्त्याकडचे, काळ्या मातीचे, एकात विहीर. तिसरा मागं नाल्याला, नुसता मुरूम, जायला वाट नाही.

तात्यानं रीत विचारली. इंद्रजीतनं घडाघडा सांगितली. थोरल्यानं वाटे पाडायचे, धाकट्यानं आधी उचलायचा, मग मधल्यानं, थोरल्याला राहील तो. त्यांचा बाप आणि चुलते असेच वेगळे झाले होते.

विश्वजीत विहिरीकडं निघाला.

"भाऊ, थांब," दीपमाला म्हणाली. "धाकटी मी हाय."



वाटे पाडताना इंद्रजीतनं तिला हिशोबात धरलं होतं. उचलताना धरलंच नव्हतं. जन्मभर त्याच्या डोक्यात धाकटा म्हणजे विश्वजीत.

ती विहिरीपाशी जाऊन उभी राहिली. विश्वजीतनं तिच्याकडं पाहिलं, थोरल्याकडं पाहिलं, आणि चालत जाऊन रस्त्याकडच्या दुसऱ्या वाट्यात उभा राहिला. त्यानंतर त्यानं थोरल्याकडं पाहिलं नाही.

राहिला मुरूम.

"ही रीत बाप्या माणसांची," इंद्रजीत म्हणाला.

"मग तीन वाटे कशाला पाडले? दोनच पाडायचे."

तात्या तंबाखू मळत होता. मळतच राहिला.

"माहेर तुटलं तुझं. दिवाळीला दारात पाय ठेवायचा नाय."

"बरं. तू ये भाऊबीजेला. माझ्या वावरात ओवाळीन."

विश्वजीत खोकल्यासारखं हसला. इंद्रजीत तात्याकडं वळला. हे वाटे मोडा, मी परत पाडतो, माझं चुकलं म्हणा. तात्यानं तंबाखू तोंडात टाकली आणि दीपमालाकडं बोट केलं.

विहीर तिच्या हातात होती. नाही म्हणता आलं असतं.

"पाड. शंभरदा पाड. आधी उचलणार मीच."

·

त्यानं फक्की पायानं पुसली.

दुपारभर दोरी धरली. आता रस्त्यापासून नाल्यापर्यंत तीन उभ्या पट्ट्या. प्रत्येकीला रस्ता. प्रत्येकीला काळी माती. प्रत्येकीला मुरूम. विहीर सामाईक, पाळीनं पाणी. एक पट्टी अरुंद वाटली म्हणून त्यानं ती पुन्हा मोजली, कारण तीच त्याच्या वाट्याला आली असती.

ऊन उतरलं तेव्हा त्यानं दोरी टाकली. कडेचा घे म्हणाला. कडेच्याला भावाचा बांध एकाच बाजूनं लागतो, तेवढी भांडणं कमी. हे तो चांगल्या मनानंच बोलला असावा.

दीपमालानं मधला उचलला.

"दोघांच्या मधी राहून काय करशील?" त्यानं विचारलं.

"बांध कोरून रान वाढवायचं झालं तर दोघांनाबी माझाच कोरावा लागंल," ती म्हणाली. "बघू कोण कोरतंय."

तात्यानं हद्दीचा दगड रोवायला विश्वजीतला हाक मारली. तो येईपर्यंत तिनं खड्डा उकरायला घेतला होता.