देवाला पाना लागतो

मशीन रेघेपाशी येऊन बंद पडलं आणि अख्खी गल्ली जमिनीला टेकली. कुणी गुडघ्यावर, कुणी पालथं, आणि ज्यांना जागा मिळाली नाही ते पुढच्याच्या पाठीवर. पिवळं अवजड धूड होतं ते, पुढे लोखंडी दात. गल्लीच्या तोंडापासून धडधडत येताना त्यानं शिलाईवाल्याच्या घराचा कोपरा विटांसकट ओरबाडून आणला होता. पण रेघबुवांनी रस्त्यावर पांढऱ्या भुकटीनं ओढलेली रेघ हातभर अंतरावर आली तशी त्याला उचकी लागली. मग खोकला लागला. मग ते गप्प झालं.

"मी काही केलं नाही हो," बुवा म्हणाले. विनयानं त्यांचा आवाज इतका चढला होता की गल्लीच्या टोकापर्यंत ऐकू जात होता. "मी कोण? मी नुसता हात. एकीकडे सरकारचं लोखंड, दुसरीकडे माझी चिमूटभर भुकटी. भारी काय ते तुम्हीच ठरवा. फक्त एक पथ्य पाळा. सरकारी कागदावर सही करू नका. ज्यानं सही केली, त्यानं रेघ पुसली."

मशीनचा ड्रायव्हर खाली उतरला आणि त्यानं बुवांचे पाय धरले. पाय धरण्यात तो तयार गडी दिसत होता. डोकं टेकवण्याआधी त्यानं टोपी काढून खिशात घातली, मळू नये म्हणून.

हे फक्त एकीनं पाहिलं. ती सुतारकामाच्या दुकानाच्या पायरीवर उभी होती. शाळेत विज्ञान शिकवायची, म्हणून गल्ली तिला बाई म्हणायची. दुकान तिच्या वडिलांचं, अण्णांचं. खाली रंधा आणि भुसा, वर दोन खोल्या. रस्ता रुंद करण्यात हे सगळं जाणार होतं, आणि त्या विचारानं अण्णांची झोप उडाली होती. बुडत्याला काडीचा आधार म्हणतात. अण्णांना तर बुवाच मिळाले होते. गर्दीत सगळ्यात पुढे, कपाळ धुळीत टेकवून बसलेला तो म्हातारा तिचा बाप होता. तिला त्याची लाज वाटली, आणि लाज वाटली म्हणून स्वतःचा रागही आला.

अशा घटकेला मोजणीदार गल्लीत शिरला. सरकारी मोजणी खात्यातला सडपातळ माणूस, खांद्याला टेप, काखेत नकाशाची नळी. चुकीच्या वेळी योग्य ठिकाणी येण्याची काहींना खोडच असते.

"हे मशीन कुणी आणलं?" एवढंच तो विचारू शकला.

पहिला दगड नळीला लागला, दुसरा कानाला. तो वळला तर मागेही माणसं. शिलाईवाल्यानं त्याला टेपनंच आवळला, कुणीतरी पोटात लाथ घातली, आणि मग अण्णा पुढे झाले. त्यांच्या हातात सागवानी पट्टी होती. आयुष्यभर त्या हातानं लाकूड सोडून कशावर घाव घातला नव्हता. त्यांनी ती पट्टी मोजणीदाराच्या तोंडावर मारली. ओठ फाटला, दात रस्त्यावर पडला, आणि लोकांनी रेघबुवांचा जयजयकार केला.

बाईनं कोपरानं वाट काढत त्याला दुकानात ओढलं आणि दार लावून घेतलं. बाहेर थोडा वेळ लाथा बसत राहिल्या. ती त्याच्या तोंडावर ओला फडका धरून बसली. बोलताना त्याच्या तोंडातून रक्ताचे बुडबुडे येत होते.

"ताई, ते मशीन आमचं नाही. तेच विचारायला आलो होतो."

"म्हणजे?"

"आमचं मशीन येईल कसं? अजून सुनावणीच नाही झाली. नकाशावर दोन रस्ते आहेत. एक तुमच्या गल्लीतून, दुसरा मागच्या मोकळ्या प्लॉटमधून. मुदतीत तुमची हरकत आली, तर दोन्ही रस्त्यांचा विचार करावा लागतो. नाही आली, तर कुणाची ना नाही असं धरून गल्ली घेतात. सोमवारी संध्याकाळी पाचला आमच्या कचेरीची खिडकी बंद होते. आजवर एकही हरकत आलेली नाही."

मोकळा प्लॉट पलीकडच्या बंगल्यातल्या शेठचा होता. बुवांचा मंडप शेठनं घातला होता, बुवांना दोन वेळचं जेवणही शेठकडूनच येत होतं. हातच्या कंकणाला आरसा कशाला?

"रस्ता नकोच असं नाही म्हणत मी," बाई म्हणाली. "माझ्या आईला खाटेवर घालून गल्लीबाहेर नेली होती. रुग्णवाहिका आत येईना. ती गल्लीच्या तोंडाशीच गेली. रस्ता हवा. पण आम्हाला फसवून नको."

"मग लिहून द्या तसं," तो म्हणाला आणि फडक्यात थुंकला.

रविवारी तिनं हरकती लिहून काढल्या, घराघरासाठी एकेक, सहीची जागा मोकळी. त्या घेऊन ती मंडपात गेली. चूक तिथेच झाली. एकेकाच्या स्वयंपाकघरात बसून जे पटलं असतं, ते भरल्या मंडपात कोण ऐकणार? बुवांनी कागद लांबूनच पाहिले आणि डोळे मिटून घेतले.

"रेघ थरथरतेय," ते म्हणाले. "घरभेदी कोण, ते तुमचं तुम्ही बघा."

बायकांनी तिचे केस धरले. कागद फाटले, उरलेले जळाले. ती धडपडत अण्णांपर्यंत पोचली.

"अण्णा, एक सही. फक्त आपली."

अण्णांनी तिच्या मुस्काटीत मारली. चौथीत असताना तिनं करवतीला हात लावला तेव्हासुद्धा त्यांनी मारलं नव्हतं. गालापेक्षा जास्त दुखलं ते वेगळ्याच जागी. ती घरी आली आणि दुकानात भुशावर बसून मनसोक्त रडली.

रडून झाल्यावर डोकं चालायला लागलं. मशीन तिनं दोनदा बंद पडताना पाहिलं होतं, मोजणीदार आला त्या दिवशी आणि त्याआधी एकदा. दोन्ही वेळा निघण्याआधी ड्रायव्हरनं इंजिनाच्या बाजूचं झाकण उघडून आत हात घातला होता, 'ऑइल बघतो' म्हणत. दोन्ही वेळा परत सुरू करण्याआधी तेच झाकण उघडून त्यानं आत काहीतरी दाबत दाबत घाम गाळला होता. आणि बुवांचा मंत्र? मशीन चालू असेपर्यंत तो लांबायचा, उचकी लागली की लगेच संपायचा. शाळेत डिझेलचा जनरेटर होता. त्यातलं डिझेल संपलं की तोही असाच उचक्या देत मरायचा, आणि टाकी भरली तरी हातपंपानं नळीतली हवा काढल्याशिवाय पुन्हा उठायचा नाही. हवा काढण्याचं काम शिपाई नसला की बाईंकडेच यायचं.

तिनं दुकानातल्या खिळ्यावरचं सगळ्यात जाड कुलूप काढून ठेवलं.

सोमवारी बुवांनी 'शेवटची रेघ' जाहीर केली. दुपारपासून सूर्य मावळेपर्यंत गल्लीतून कुणी बाहेर पडायचं नाही, पडला तर त्याचं घर पडलंच म्हणून समजा. खिडकी पाचला बंद होणार हे देवाला कसं ठाऊक होतं, हे विचारायचं कुणालाच सुचलं नाही. अण्णा रेघेपलीकडे रस्त्यावर आडवे झाले. मशीन थांबणारच, मग भीती कसली. त्यांचे पाय मशीनकडे होते.

ड्रायव्हरनं झाकण उघडलं, आत हात घातला, झाकण लावलं. मशीन निघालं. बुवांनी सूर लावला. बाई मशीनच्या बाजूनं चालत होती. युक्ती तिला कळली होती, पण युक्ती आज चुकली तर? नळीत घोटभर डिझेल जास्त उरलं तर? म्हातारा तिचाच होता. लोखंडी दात अण्णांच्या तळव्यांकडे सरकत होते आणि तळवे हलत नव्हते.

उचकी लागली. खोकला. शांतता. दात रेघेवर आले होते; भुकटी त्यांना लागली होती.

गल्ली खाली बसली आणि उभी राहिली ती एकटी बाई. तिनं झाकणाच्या कडीत कुलूप अडकवलं आणि दाबलं. किल्ली ब्लाउजमध्ये टाकली.

"देवानं थांबवलंय ना?" ती म्हणाली. "आता देवच सुरू करू दे. झाकणाला कुणी हात लावायचा नाही."

"ए, कुलूप काढ," ड्रायव्हर म्हणाला. त्याच्या तोंडचं पाणी पळालं होतं.

"कशाला? बंद बुवांनी केलं. झाकणात काय आहे?"

त्यानं सीटखालचा लांब पाना काढला आणि घातला. तिच्या उजव्या खांद्याचं हाड कडकन मोडलं. दुसरा घाव डोक्याच्या बाजूला बसला. ती झाकणाला पाठ लावून घसरली, पण हलली नाही. तिचं रक्त पिवळ्या पत्र्यावरून ओघळत होतं.

अण्णा उठले. देवासाठी आडवा झालेला माणूस पोरीसाठी उभा राहिला. त्यांनी ड्रायव्हरचा पान्याचा हात धरून मनगट उलटं फिरवलं. सुताराची पकड होती ती. पाना खाली पडला आणि ड्रायव्हर गुडघ्यांवर आला.

"बस वर," अण्णा म्हणाले. "किल्ली फिरव. बुवा, हुकूम सोडा त्याला."

बुवांनी भुकटी फुंकली. ड्रायव्हरनं किल्ली फिरवली. कर्र, कर्र, कर्र. बुवांनी मूठभर फुंकली. कर्र, कर्र. भुकटी बुवांच्याच डोळ्यांत गेली आणि ते ठसकत मागे सरले.

रफू करणारी आजी सगळ्यांत म्हातारी, म्हणून तिला भीती कमी. "काय हो बुवा," ती म्हणाली, "थांबवायला मंत्र आणि चालवायला पाना? तुमच्या देवाला पाना लागतो होय?"

कुणीतरी हसलं. हसू मात्र लवकर विरलं.

"अण्णा, बॅटरी संपवू नका," बाई म्हणाली. तिनं डाव्या हातानं किल्ली काढून त्यांच्याकडे दिली. "कुलूप काढा. सगळ्यांनी जवळ या. ही टाकीतून येणारी नळी. हा नळीवरचा कॉक. बघा, बंद आहे. निघताना हा बंद करायचा. नळीत उरलेल्या डिझेलवर मशीन थोडं चालतं आणि मरतं. मरेपर्यंत बुवा गातात. मग कॉक उघडायचा, हवा काढायची, की झालं सुरू."

कॉक तिनं उघडला. डाव्या हातानं पंप दाबत राहिली. प्रत्येक दाबाला खांद्यातून कळ जात होती आणि तिचे दात वाजत होते. मग तिनं मान हलवली. अण्णांनी ड्रायव्हरकडे नुसतं पाहिलं. मशीन गडगडून सुरू झालं.

"आता पुढे घे," ती म्हणाली. "पुढचे बाजूला व्हा."

मशीन रेघेवरून गेलं. भुकटीवर त्याचे रुंद पट्टे उमटले, बाकी काही झालं नाही. आकाश जागच्या जागी राहिलं.

आणि मग गल्लीच्या अंगात आलं. ज्यांनी पाय धरले होते त्यांनीच बुवांची दाढी धरली. शिलाईवाल्यानं विटेनं त्यांची बोटं ठेचली. ड्रायव्हर मशीनखाली शिरला तर त्याला पायांनी ओढून काढला. मोजणीदाराला ज्या लाथा बसल्या, त्याच आता इकडे बसत होत्या. लाथांना कुठे कळतं कुणाचं काय चुकलं ते. बुवांचा एक डोळा बंद झाला तेव्हा बाईनं केबिनमध्ये अर्धं अंग घालून भोंग्यावर कपाळ टेकवलं. भोंगा वाजतच राहिला. शेवटी हात थांबले.

"शेठ कुठाय?" ती म्हणाली. "घरी बसून घड्याळ बघतोय. तुम्ही यांना पाच वाजेपर्यंत मारावं, यातच त्याचा फायदा. यांना पोलीस नेतील. तुम्ही खिडकीवर चला."

धावली सगळी. रफूवाल्या आजीला शिलाईवाल्यानं पाठीवर घेतली. काहींचे हात रक्तानं माखलेले होते, ते त्यांनी वाटेत नळावर धुतले.

खिडकीच्या आत मोजणीदार बसला होता. ओठाला टाके, सुजलेला गाल. रांगेत सगळ्यात पुढे अण्णा होते. त्यांची मान वर होईना.

"मीच मारलं होतं," ते म्हणाले.

"माहीत आहे," मोजणीदार टाके सांभाळत म्हणाला. "त्याची तक्रार मी केली आहे, त्याचं वेगळं होईल. हा कागद. हरकत काय ते इथे लिहा. आणि एक ऐकून ठेवा. हरकत दिली म्हणून घर राहीलच, असं नाही. पण तुमचं ऐकल्याशिवाय आता कुणाला ते पाडता येणार नाही."

एवढंच मिळणार होतं. चमत्कारापेक्षा हे कमीच, पण खरं. सरकारची रेघ असो की बुवाची, ती कुणी ओढली आणि तिच्यानं कुणाचं भलं होणार, हे आपल्या तोंडानं विचारल्याशिवाय तिच्यापुढे आडवं होऊ नये. आणि उत्तर म्हणून हातात वीट घेऊ नये. वीट आणि भुकटी, दोन्हींनी विचार करायचं काम वाचतं, म्हणून तर ती इतकी खपतात.

बाईचा उजवा हात कुणाच्या तरी ओढणीत बांधला होता. तिनं डाव्या हातानं पेन धरून पाहिलं, जमेना. अण्णांनी ते तिच्या हातातून काढून घेतलं.

"तू सांग," ते म्हणाले. "मी लिहितो."