सव्वाआठची वेळ

"बोलावणं सगळ्यांना पोचलंय का, ते आधी विचार, भार्गवी. मिनिटांचं भांडण मग."

बसचं परमिट तिच्या नावावर करताना वडिलांनी एवढंच बजावलं होतं. वाहतूक कचेरीच्या सभागृहात भार्गवी खुर्च्या मोजत होती, तेव्हा तोच आवाज कानात होता. नोटिसा सात बसमालकांना गेलेल्या; आलेले सहा. पौलोस नव्हता.

चौदा महिन्यांपूर्वी तिच्या 'भद्रा' बसची सव्वाआठची वेळ काढून पौलोसच्या गाडीला दिली गेली, तीही तिला न विचारता. तिच्या वाट्याला साडेआठ आले. तोवर गिरणीतल्या बाया, इस्पितळातल्या नर्सेस, शाळेची मुलं, सगळी पौलोसच्या गाडीने निघून गेलेली असत. रिकाम्या बाकांची गाडी आता फार दिवस चालवणं परवडणार नव्हतं. हायकोर्टाचे उंबरे झिजवून तिने हुकूम मिळवला होता : सगळ्यांचं ऐकून वेळा नव्याने ठरवा. मुदत आज संध्याकाळपर्यंत.

"पौलोस?" अधिकाऱ्यांनी मान वर न करता विचारलं.

"नोटीस पोचलीय सर," कारकून म्हणाला. "स्टँडवर कंडक्टरच्या हातात दिली. ही सही."

"मग न येणं ही त्याची मर्जी. सव्वाआठ भार्गवींना परत. सह्या करा."

कागद फिरत फिरत तिच्यापुढे आला. पोचपावतीवरची सही ती रोज संध्याकाळी हिशेबाच्या कागदावर बघत होती. शशीची. नऊ वर्षं पौलोसच्या गाडीवर काढून शशी विशूच्या सणाला तिच्याकडे कंडक्टर म्हणून आला होता. तारीख विशूनंतरची होती. स्टँडवर नोटीस तोंड ओळखून देत. आणि शशी म्हणजे पौलोसची गाडी, हे कारकुनाच्या डोक्यात पक्कं होतं.

तिने मागे वळून भिंतीशी उभ्या असलेल्या शशीकडे पाहिलं. त्याने नजर पायाच्या अंगठ्यावर नेली.

"सवयीने सही ठोकली, चेची," तो पुटपुटला. स्टँडवर सगळे तिला चेची, म्हणजे ताई, म्हणत. "कागद बॅगेतच राहिला."

"आणि हे आज सांगतोस?"

"आज तरी कुठे सांगत होतो? तुम्हीच पकडलंत."

शेजारी बसलेल्या तिच्या मेनन वकिलांनी तिचं कोपर दाबलं. "तोंडाला कुलूप घाला बाई. पेन उचला."

तिने पेन उचललं. टोपण काढलं. मग तिने ते परत बसवलं.

"सर, पौलोसना नोटीस पोचलेलीच नाही. ती माझ्या माणसाच्या बॅगेत आहे."

"वा चेची!" मागच्या रांगेतून दुसरा एक बसमालक, हमसा, ओरडला. "उद्या त्याच्या गाडीला धक्काही मारून द्या!"

सगळे हसले. वकिलांनी कपाळाला हात लावला. अधिकाऱ्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"हे कानावर आल्यावर मला सही करता येत नाही. आज ठरलं नाही, तर आहे तेच वेळापत्रक चालू राहील. पुढची बैठक ओणमच्या सणानंतर."

ओणमपर्यंत 'भद्रा' शेडमध्ये उभी असेल, हे तिला कुणी सांगायला नको होतं.

"पाच वाजेपर्यंत बसाल का सर? मी त्यांना घेऊन येते."

"तुम्ही? तो आला तर सव्वाआठसाठी जीव तोडून भांडेल."

"हो."

"आणि कदाचित मला त्याचंच पटेल."

"हो सर. बसाल ना पाचपर्यंत?"

त्यांनी चष्मा परत डोळ्यांवर चढवला. "बसतो."

बाहेर साडेबारा झाले होते. पौलोसचं घर वर घाटात, शेवटच्या थांब्यावर. घरी फोन नाही. शशीने बॅगेतून नोटिशीचं पाकीट काढून पुढे केलं. तिकिटांच्या गठ्ठ्यांखाली दबून ते मऊ पडलं होतं. 'भद्रा' बदली कंडक्टरबरोबर फेरीवर गेलेली. त्या बाजूला जाणारी एकच गाडी स्टँडवर उभी होती, पौलोसची.

दारातला नवा कंडक्टर चपापला. "चेची, तुम्ही? आमच्या गाडीत?"

"शेवटच्या थांब्याचं एक तिकीट दे. वेळेवर पोचते ना ही?"

"मुतलाळींना, आमच्या मालकांना, एका मिनिटाचा उशीर खपत नाही."

"बरं आहे," भार्गवी म्हणाली, आणि आत जाऊन खिडकीशी बसली.

कंडक्टरने गाडी सोडायला घंटेची दोरी दोनदा ओढली.