माह्यं आणि आपलं

"मॅडम, नवऱ्याकडून कोर्टानं परत मिळवून दिलेलं सोनं कोणाचं असतं हो?"

हा प्रश्न विचारायची पैज माझ्या मैत्रिणी समीक्षा आणि काजल यांनी लावली होती. आमच्या धामणगाव बढ्याच्या शाळेत कायद्याची माहिती सांगायला बुलढाण्याहून अनुपमा वकीलबाई आल्या होत्या. "आमच्यासमोर लय बोलतं तू," काजल कानात म्हणाली, "हिंमत असन तं उठ न बे!" मी उठले. गेल्या वर्षीपर्यंत मला हजेरीसुद्धा धड देता येत नव्हती. आज माझा आवाज पार मागच्या भिंतीपर्यंत गेला.

बाई हसल्या. "जिचं आहे तिचं. त्याला स्त्रीधन म्हणतात. नवऱ्याचं नाही, सासूचं नाही आणि नीट ऐका, बापाचंही नाही."

मुलींनी टाळ्या वाजवल्या. मी पैज जिंकले होते. पण ते सोनं आमच्याच कपाटात होतं, आणि रविवारी ते माझ्या गळ्यात पडणार होतं.

सोनं माझ्या सुचिताताईचं. लग्नात बाबांनी तिला गळ्यात सोन्याच्या मण्यांची एकदाणी आणि हातात पाटल्या घातल्या, नवरदेवाला गाडीसाठी रोख दिली. लोणारकडच्या त्या घरात सासूने "जपून ठेवते" म्हणत दागिने उतरवून घेतले. पुढे आणखी पैसे हवेत म्हणून ताईलाच घराबाहेर काढलं. मग बुलढाण्याचं कौटुंबिक न्यायालय आणि तारखा. बसमध्ये बाबा तिच्याकडून पाठ करून घ्यायचे.

"साहेबानं विचारलं तं मान खाली घालू नको. म्हनायचं, सोनं माह्यं हाय, मले पाह्यजे."

"माह्यं हाय," ताई पुटपुटायची.

"मोठ्यानं!"

अख्खी बस वळून बघायची.

शेवटी निकाल ताईच्या बाजूने लागला. रोख रक्कम अजून आलेली नाही, सोनं तेवढं आलं. ताईने डबी उघडली तर एकदाणीच्या आकड्यात एक लांब केस अडकलेला, मेंदीने लाल झालेला. ताईचे केस काळेभोर. कोणाचा, हे तिने विचारलं नाही. नखाने हळूहळू सोडवला, खिडकीबाहेर टाकला आणि डबी आईच्या हातात दिली. त्या दिवशी ती जेवली नाही.

काही दिवसांनी ती आईला म्हणाली, "आई, पाटल्या मोडून शेवयांची मशीन घेऊ का? उन्हाळ्यात गावभरचं काम भेटन मले."

"मोडून? मंग योगिनीच्या अंगावर काय घालू? तुह्यं तं झालं न माय आता."

योगिनी म्हणजे मी. आई वाईट नाही. हे बोलताना तिचा हात ताईच्या पाठीवरून फिरत होता. मला त्याचीच जास्त भीती वाटली.

तर त्या दिवशी शाळेतून घरी आले, तेव्हा आईने डबी काढूनच ठेवली होती. दप्तर खांद्यावर असतानाच तिने एकदाणी माझ्या गळ्यात घातली. "पाह्य बरं, कशी दिसून राह्यली माही पोरगी!"

ताई कणीक मळत होती. तिने वर पाहिलं. "शोभते व तुले," ती म्हणाली आणि पिठाचे हात पुसून माझ्या मानेमागचा आकडा नीट बसवला. तिची बोटं थंडगार होती.

बाबा चहा पीत म्हणाले, "रविवारी पाहुणे येतीन. बारावी झाली का बार उडवून टाकू. आपलं सोनं हाय, चिंता नाही."

"आपलं, बाबा?"

"आपलंच न. आपुनच तं कोर्टातून आनलं."

"बसमध्ये तं ताईले तुम्ही 'माह्यं' म्हनायले लावत होते."

बाबांनी कप खाली ठेवला. मग ते माझ्याकडे न बघता म्हणाले, "ते कोर्टात बोलायचं राह्यते, बेटा. घरात नाही."

कोर्टात वर ठेवायला शिकलेली ताईची मान घरात खाली गेली. ती पुन्हा कणीक मळू लागली. कणीक केव्हाच मळून झाली होती.

मी आकडा सोडवला. एकदाणी ताईच्या पिठाळ ओंजळीत ठेवली आणि तिची बोटं मिटवली.

"आई, बाबा, पाहुण्यायले फोन करा. म्हना, रविवारी येऊ नका. मी शिकनार हाय. आन् ज्या लग्नाले हे सोनं लागते, त्या लग्नाले मी उभी राहनार नाही."

"हळू बोल व," आई दाराकडे धावली, "शेजारी आयकतीन!"

मी आवाज आणखी चढवला, मागच्या भिंतीपर्यंत जाईल असा.

"हे माह्यं नाही, बाबा. आपलंही नाही. ताईचं हाय!"