हेल्काचं झाड

बसमधून उतरताना ऐलाच्या हातून फोन निसटला आणि पायरीवर आपटून त्याच्या काचेचा चुराडा झाला. तिला फोनचं काही वाटलं नाही, फोन काय, मिळतात. तिला चटका लागला तो गावासाठी. त्या फोनमध्ये तिचं गाव होतं, आठ वर्षं खपून वसवलेलं.

गाव म्हणजे खेळातलं. बार्ली पेरायची, गाईंच्या धारा काढायच्या, घरं बांधायची, शेजारणींना बोलवायचं. सहासष्ट वर्षांच्या बाईने असल्या पोरखेळात एवढा जीव गुंतवावा का, असं ज्यांना विचारायचंय त्यांनी खुशाल विचारावं. होंकाकोस्कीच्या कागद कारखान्यात कोऱ्या कागदाची रीमं बांधायला ते कधी उभे राहिले नव्हते, एवढंच मी म्हणेन. तिथे बांधणी खात्यात सहाजणी होत्या. सकाळी नऊला बारा मिनिटांची कॉफीची सुट्टी, आणि त्या बारा मिनिटांत जगातलं सगळं बोलून व्हायचं. कारखाना बंद पडला, यंत्रं उचलून नेली, बाया आपापल्या घरी बसल्या. पण नऊ वाजले की पाय उठायला बघायचे, त्याला काय करणार?

हा खेळ त्या सहाजणींतल्या हेल्काने शोधून काढला. सहाजणींची सहा गावं झाली, पण भेटायचं ते ऐलाच्या अंगणात. तिने तिथे एक लांब टेबल मांडलं होतं, सहा स्टुलं, कारखान्यात ज्या क्रमाने बसायच्या त्याच क्रमाने. नऊच्या ठोक्याला ओर्वोक्की, लेम्पी, अशी एकेक जण यायची आणि लिहायची, "ऐला, कॉफी झाली का?" ऐला लिहायची, "झाली, बसा." मग खऱ्या स्वयंपाकघरात प्रत्येकीच्या हातात खरा कप असायचा आणि गप्पा सुरू व्हायच्या.

चार वर्षांपूर्वी हेल्का गेली. जाण्याआधी दवाखान्यातल्या खाटेवरून तिने ऐलाला एक सफरचंदाचं झाड भेट पाठवलं. ते झाड त्या एकाच वसंतात मिळत होतं, पुन्हा कधी आलं नाही. झाडाखाली पाटी होती, "हेल्काकडून ऐलाला". वर्षातून एकदा त्याला फळ धरायचं, आणि त्या दिवशी ऐला प्रत्येकीच्या गावात एकेक सफरचंद पोचवायची. खेळातलं सफरचंद ते, खाता थोडंच येतं? तरी ओर्वोक्की दर वर्षी लिहायची, "गोड निघालं."

लेकीने औलू शहरातून नवा फोन पाठवला. चांगला, महागातला, पण वेगळ्या जातीचा. जुन्यातलं गाव त्यात आपोआप येईना. ऐला दोन दिवस झटली आणि शेवटी एक मजला उतरून टेर्तूच्या दारात उभी राहिली.

टेर्तू म्हणजे कोण, हे सांगायला हवं. बांधणी खात्यात एकतीस वर्षं ऐलाच्या डाव्या हाताला उभी राहिलेली बाई. एकाच इमारतीत वरखाली घरं. ऐलाच्या घराची दुसरी किल्ली टेर्तूच्या खिळ्याला आणि टेर्तूची ऐलाच्या. इमारतीच्या सौनाच्या, म्हणजे वाफेच्या न्हाणीघराच्या, यादीत गुरुवारी पाच ते सहा या ओळीत दोघींची नावं शेजारी शेजारी, बावीस वर्षं.

"अगं, मी गेल्या वर्षीच केलंय हे," टेर्तू म्हणाली. "जुन्या फोनवर बारा अक्षरं येतात. ती नव्यात घालायची की गाव इकडचं तिकडे. मात्र एकदाच चालतात, आणि तासाच्या आत घालायची, नाहीतर फुकट."

"मग घाल की."

"आधी हा तुझा नवा नवरदेव सुरू तर होऊ दे. सतरा प्रश्न विचारतोय मेला. तू जा तुझ्या पोहण्याच्या वर्गाला. तू शेजारी बसून सुस्कारे सोडलेस की माझी बोटं चुकतात."

ऐला हसली. फुटक्या काचेतून वाचून तिने बारा अक्षरं कॉफीच्या रिकाम्या पाकिटावर लिहिली, दोनदा ताडून पाहिली आणि पाकीट टेर्तूच्या हाती दिलं. ती अक्षरं ज्याच्या हाती त्याचं गाव, हे तिला कळत नव्हतं असं नाही. पण जिच्याकडे घराची किल्ली आहे, तिच्यापासून बारा अक्षरं कसली लपवायची?

संध्याकाळी टेर्तू वर आली ती तोंड पाडून. नव्या फोनवर खेळ उघडला होता आणि त्यात एक मोकळं शेत, एक गाय आणि एक दार नसलेली झोपडी होती.

"आलं नाही गं," टेर्तू म्हणाली.

"पण जुना फोन म्हणतोय, तुमचं गाव दुसऱ्या फोनवर गेलं आहे."

"गेलं म्हणतो, पण पोचत नाही. दोन वेगळ्या जातीचे फोन, मधेच कुठेतरी अडकतं. मी लिहिलंय त्यांना. उत्तर आलं की सांगते."

ऐलाने मान हलवली. टेर्तू गेल्यावर ती स्वयंपाकघरात बसली आणि त्या एकट्या गाईकडे बघत रडली. मग तोंड धुतलं आणि बटाटे उकडायला ठेवले.

नंतरचे तीन आठवडे तिने वाट पाहिली. उत्तर आलं का, हे तिने टेर्तूला एकदाही विचारलं नाही. सांगते म्हणाली आहे ना, मग सांगेल. सांगितलेल्या गोष्टीची पुन्हा आठवण करून देणं म्हणजे समोरच्याला खोटं ठरवणं, असं आमच्याकडे मानतात. गुरुवारी दोघी सौनात बसायच्या, टेर्तू तापल्या दगडांवर पाणी टाकायची आणि एक शब्द बोलायची नाही. ऐलाला वाटायचं, आपल्यासाठी झुरतेय बिचारी. एकदा तर टेर्तूने दालचिनीचे बन करून आणले, गरम गरम, फडक्यात गुंडाळून. ते खाताना ऐलाला भरून आलं.

एकच गोष्ट तिला खात होती. बाकीच्या तिघींपैकी कोणीही फोन केला नव्हता. आठ वर्षं रोज नऊला येणारी बाई एकाएकी दिसेनाशी होते आणि ओर्वोक्कीसुद्धा विचारत नाही? ऐलाने स्वतःची समजूत घातली. दुसऱ्याच्या दुःखात नाक खुपसायचं नाही म्हणून गप्प असतील. तीही गप्प राहिली.

नोव्हेंबरात सर्व मृतांच्या दिवशी ती हेल्काच्या थडग्यावर मेणबत्ती लावायला गेली. चिखल, वरून भुरभुर बर्फ. ओर्वोक्की आधीच तिथे होती, तिची मेणबत्ती पेटलेली. ऐला तिच्या शेजारी उभी राहिली आणि तिने काडेपेटी काढली.

"बरी दिसतेस की," ओर्वोक्की म्हणाली. "मला वाटलं अंथरुणाला खिळलीस."

"मला काय धाड भरलीय?"

"नाही, टेर्तू म्हणाली, तू दमलीस. खेळबिळ नको झालाय, कोणी त्याबद्दल विचारलेलंही आवडत नाही. आम्ही म्हटलं, नको तर नको." मग तिने ऐलाचा दंड हलकेच दाबला. "पण गाव टेर्तूला देऊन टाकलंस ते छान केलंस हो. उगाच ओसाड पडलं असतं."

ऐलाच्या हातातली काडी विझली. तिने दुसरी ओढली, तीही विझली.

"कोणाला दिलं?" तिने विचारलं.

ओर्वोक्कीने तिच्याकडे पाहिलं, आणि पाहता पाहता तिचा चेहरा उतरला. तिने हातमोजा काढला, फोन काढला, खेळ उघडला. टेबल जिथल्या तिथे होतं. सहा स्टुलं होती. गाई, बार्ली, निळ्या कौलांचं कोठार, सगळं होतं. वेशीवरच्या फलकावर टेर्तूचं नाव होतं. आणि टेबलामागे, जिथे झाड असायचं, तिथे एक पांढरं कारंजं उडत होतं.

"मला खरंच वाटलं तू दिलंस," ओर्वोक्की म्हणाली.

"मला विचारायचं होतंस."

"तू तरी कुठे काही बोललीस?"

हे खरं होतं, आणि तेच ऐलाला जास्त झोंबलं. तिसऱ्या काडीवर मेणबत्ती पेटली. ती ठेवून ऐला बस न धरता चालतच घरी आली, आणि वाटभर तिला फडक्यातले ते गरम बन आठवत राहिले.

गुरुवारी ती नेहमीसारखी पाचला खाली गेली. मुद्दामच. सौनात माणूस उघडा असतो, हातात फोन नसतो, दाराकडे बघायला निमित्त नसतं. टेर्तू वरच्या फळीवर बसली होती. ऐला तिच्या शेजारी बसली. पाण्याची बादली आणि पाणी ओतायचा डाव तिने आपल्या बाजूला ओढून घेतला.

"ओर्वोक्की भेटली होती," ती म्हणाली. "हेल्काकडे."

टेर्तूने डोळे मिटले.

"मी सांगणारच होते," ती म्हणाली.

"कधी?"

"रोजच." टेर्तूने तोंडावरचा घाम पुसला. "तुझा फोन अडून बसला होता गं, आणि तास संपत आला होता. म्हटलं, तोवर माझ्या टॅबलेटवर घेऊन ठेवू, मग तुझ्यात घालू. देवाशपथ, तेवढंच मनात होतं. आलं सगळं. घालणार तेवढ्यात ओर्वोक्कीने लिहिलं, ऐला, कॉफी झाली का? मग लेम्पीने लिहिलं. मी लिहिलं, झाली, बसा."

"आणि?"

"आणि काय. एकतीस वर्षं त्या टेबलाच्या टोकाला बसले मी. माझ्या गावात कधी कोणी आलं? आठ वर्षांत एकदा तरी? तू आली होतीस, चुकून, दोनदा. म्हटलं एक दिवस ठेवू. मग दुसरा दिवस उजाडला."

सगळ्यात वाईट हे, की ऐलाला ते पटलं. टोकाला बसलेली टेर्तू तिला दिसली, कप दोन्ही हातांत धरून इतरांच्या बोलण्यावर हसणारी. क्षणभर तिची कीव आली, आणि कीव आली म्हणून ऐलाच्या अंगाचा तिळपापड झाला. जिने लुबाडलं तिचीच वर कीव करायची?

"मागितलं असतंस तर मी टेबल तुझ्या अंगणात नेलं असतं," ती म्हणाली.

"ते मागून मिळालं असतं तर त्यात काय होतं?"

ऐलाने दगडांवर पाणी टाकलं नाही. डाव तसाच हातात धरून तिने विचारलं, "झाडाचं काय केलंस?"

"कुठलं झाड?"

"टेर्तू."

टेर्तू पायांकडे बघू लागली. "विकलं. खेळात विकता येतं. चाळीस नाणी आली, तेवढ्यात कारंजं बसलं."

"पाटी वाचली नव्हतीस?"

"वाचली होती." टेर्तूचा आवाज बारीक झाला होता, पण ती थांबली नाही. "ते झाड असेपर्यंत त्या सगळ्या तुझंच नाव काढत होत्या. ऐलाचं झाड, हेल्काचं झाड. मी तिथे असून नसल्यासारखी. म्हणून काढलं."

म्हणजे न कळून नव्हे. पाटी वाचून, हेल्काचं नाव वाचून, हिशेबाने विकलं होतं. ऐलाला वाटलं होतं की आपल्याला किंचाळावंसं वाटेल. तसं काहीच वाटलं नाही. तिने डाव बादलीत ठेवला, फळीवरून उतरली, ओल्या अंगावरच कपडे चढवले आणि वर गेली. टेर्तू मागून म्हणाली, "मी परत देते तुला, ऐला. आत्ता देते." दार लागलं.

घरी येऊन तिने खिळ्यावरची टेर्तूची किल्ली काढली, एक मजला उतरली आणि टेर्तूच्या दारातल्या पत्रांच्या फटीतून आत टाकली. आत फरशीवर खणखणाट झाला.

दुसऱ्या दिवशी सकाळी नऊला ऐला कॉफी ओतत होती, तेव्हा तिच्या दाराच्या फटीतून काहीतरी पडलं. ऐलाचीच किल्ली होती. तिच्याभोवती कागद गुंडाळला होता आणि कागदावर टेर्तूच्या ठळक, गोल अक्षरात बारा अक्षरं होती. खाली लिहिलं होतं, नऊला काढली आहेत.

ऐलाने कागद टेबलावर पसरला, नवा फोन शेजारी ठेवला आणि कॉफी घेऊन बसली. अक्षरं घालायला अर्धं मिनिट पुरलं असतं. कोठार परत आलं असतं, गाई आल्या असत्या, टेबल आलं असतं. टेबलाभोवती त्या आल्या असत्या, ज्यांनी तीन आठवडे टेर्तूला कॉफी झाली का विचारलं आणि वरच्या मजल्यावर एक फोन केला नाही. आणि रोज नऊला त्यांच्या मागे ते पांढरं कारंजं उडालं असतं. साडेनऊला ती दुसरा कप प्यायली. पावणेदहाला तिने फोन हातात घेतला, झाडाखालच्या पाटीची आठवण काढली आणि फोन परत ठेवला.

दहा वाजून पाच मिनिटांनी, अक्षरं फुकट गेल्यावर, तिने तो कागद जुन्या कागदांच्या पेटीत टाकला. मग पेन घेऊन जिन्यातल्या सौनाच्या यादीपाशी गेली, गुरुवारच्या ओळीतलं स्वतःचं नाव खोडलं आणि मंगळवारी सकाळी आठच्या रिकाम्या ओळीत लिहिलं. गुरुवारी पाच ते सहा आता नुसती टेर्तू राहिली होती.