परतीच्या प्रवासाची बर्फी

अमरावतीहून अथेन्सला आलेल्या सिंधूताईंचा बेत पक्का होता. स्वरालीला परत न्यायचं. लेक इथे पर्यटकांना गल्लोगल्ली पायी फिरवून ग्रीक पदार्थ चाखायला देत असे. आज त्या गटात आईही होती.

ऑलिव्ह झाले, चीज झालं, मधात बुडवलेले गरम गोळे झाले. सिंधूताईंचं लक्ष मात्र लेकीच्या रिकाम्या हातांकडे होतं.

"तू काहून खात नाहीस?"

"आई, मी गाइड आहे."

"म्हणून उपाशी राहाशील? इथं तुले विचारणारं कोणी नाही. चाल घरी."

शेवटचं दुकान पालक भरलेल्या पाईचं होतं. म्हातारी दुकानदारीण गटाला सोडून स्वरालीवरच ओरडली आणि गरम तुकडा तिच्या तोंडाशी नेला.

"काय म्हणते ही?"

"रोजचंच. वाळलीस म्हणते. खाल्ल्याशिवाय सोडत नाही."

सिंधूताईंनी पर्समधून संत्रा बर्फीचा डबा काढला. परतीच्या विमानात दोघींना खायला म्हणून तो राखून ठेवला होता. त्यांनी तो म्हातारीपुढे उघडला. तिने एक वडी उचलली.

"एकीनं काय होते?" सिंधूताई मराठीतच रागावल्या. "अजून घ्या."