टेप चालूच होती

नवी रेकॉर्ड साधली की फसली, हे पश्चिम टेक्सासात स्टुडिओत ठरत नाही. ते ठरतं पिकअप ट्रकच्या फाटक्या सीटवर, कापसाच्या शेतांमधल्या सरळ रस्त्यावर. म्हणून गायिका कोरीन टॅकेटने त्या दुपारी ओडेलकाकांना गाडीत बसवलं आणि तिच्या नव्या रेकॉर्डची कॅसेट लावली.

ओडेल प्रुइट तिच्या वडिलांच्या वेळेपासूनचे स्टील गिटारवाले. आडव्या तारांवर त्यांची पोलादी कांडी सळसळली की अख्खा डान्स हॉल उठून नाचायचा. आता बोटं लाकडाची झाली होती. ही आपली शेवटची रेकॉर्ड, हे त्यांना ठाऊक होतं. तिच्यात आपण ऐकू यावं, एवढंच त्यांना हवं होतं.

गाणं सुरू झालं. ड्रम नाही, नाचवणारं फिडलचं व्हायोलिन नाही. उन्हात दूरची पाण्याची टाकी तरंगत होती आणि गाणंही तसंच, कुठे पोचायची घाई नसलेलं.

"यावर नाचायचं कसं गं?"

"नाचायचं नाहीच, काका. ऐका."

दुसरं गाणं झालं, तिसरं झालं. त्यांच्या वेगवान हरकतींचा मागमूस नाही. गरज सरो, वैद्य मरो! म्हाताऱ्याने तोंड खिडकीकडे फिरवलं. फार लागलं त्यांना.

मग त्यांच्या लक्षात आलं, तिच्या आवाजामागे पहिल्या गाण्यापासून एक लांब सूर होता. शेवटी थरथरणारा, जरा घसरून पुन्हा सावरणारा.

"हा कोण वाजवतोय?"

"ओळखा."

त्यांनी स्वतःच्या हाताकडे पाहिलं.

"अगं कार्टे, मी तर बोटं मोकळी करत होतो! टेप बंद होती ना?"

"चालूच होती."

"आणि माझं खरं वाजवणं?"

"काढून टाकलं. ते वाजवताना तुम्ही दातओठ खात होता. हे वाजवताना तुम्ही एकटेच होता, काका. मी सगळी गाणी नंतर याच्यामागून, याच्याच चालीने गायली. आता लोक म्हणतील, कोरीन बदलली."

"हात थरथरतोय त्यात."

"हो."

ओडेलनी जन्मभर जपलेली इभ्रत पोरीने चव्हाट्यावर मांडली होती. बाजू संपली, कॅसेट खट्कन थांबली. कोरीन ती काढायला गेली, तर त्यांनी तिचं मनगट धरलं.

"पुन्हा लाव. दुसऱ्या गाण्यात मी जरा उशिरा येतो बघ."

"दुरुस्त करू?"

"नको," ते म्हणाले. "तू थांबली आहेस तिथे माझ्यासाठी."