आतून बांधलेली जाळी

दिंडोरी रोडवरच्या त्या लॉन्सवर एरवी लग्नं लागतात. त्या रविवारी दुपारी मात्र तिथं कुस्त्या होत्या, आणि त्याही मातीतल्या नव्हेत. टीव्हीवर दाखवतात तसल्या, झगमगाटाच्या. वरपक्षाच्या खोलीत नायक कपडे बदलत होते आणि वधूपक्षाच्या खोलीत खलनायक. खुर्च्यांच्या पाठीवरचे गुलाबी बो काढायचं कुणाला सुचलं नव्हतं. नवरानवरी उभे राहतात तिथं चौकोनी रिंग मांडली होती, आणि रिंगभोवती दोन पुरुष उंचीचा लोखंडी पिंजरा.

पिंजरा रविराजनं बनवलेला. रविराज निफाडकडचा फॅब्रिकेशनवाला, त्याचं नाव कांदाचाळींसाठी. अँगलचे खांब, त्यांना जाळी, वर पत्रा. चाळ उभी राहिली की शेतकरी कांदा भरतो आणि भावाची वाट बघत बसतो. रविराजची चाळ वाकत नाही अशी ख्याती होती, आणि ही ख्याती पसरवण्यात निम्म्याहून जास्त मेहनत त्याची स्वतःचीच होती. माणूस सरळ. फक्त स्वतःच्या बाबतीत त्याची जमेची बाजू कायम भरलेली असायची आणि खर्चाची कोरी.

आयोजक अमोलशेठनं काम देताना एवढंच सांगितलं होतं, "पैलवान आतून जाळीवर आदळतील. फाटली नाही पाहिजे."

आतून भार म्हटल्यावर रविराजच्या डोक्यात चाळच उभी राहिली. चाळीत जाळी खांबांच्या आतल्या अंगानं लावतात. कांदा बाहेर रेटतो, जाळी खांबांना टेकते, आणि जितका रेटा जास्त तितकी ती घट्ट बसते. बांधायला नुसती बारीक तार पुरते, कारण जाळी धरून ठेवायचं काम कांदाच करतो. पिंजराही त्यानं तसाच बांधला. दोन कामगारांना आतून धावत येऊन खांदे मारायला लावले. जाळी हूं की चूं करेना. रविराज खूश, अमोलशेठ खूश, आणि मजुरीबरोबर पहिल्या रांगेचा पास.

शेजारच्या खुर्चीवर एक बाई येऊन बसली. पन्नाशीची, हातात बटव्याएवढी पर्स, आणि ती पर्स दोन्ही हातांनी अशी धरलेली की जणू तीच पळून जाणार आहे. देवळाली कॅम्पच्या अनवरीचाची. त्यांचा मुलगा इमरान म्हणजे आजचा हिरो, रिंगमधलं नाव 'तोफखाना'. लहानपणापासून तोफांच्या सरावाचे आवाज ऐकून वाढलेला पोरगा. दुसरं कुठलं नाव त्याला शोभलंही नसतं.

"पिंजरा तुम्ही बनवला म्हणे," चाची म्हणाल्या.

"हो चाची."

"मजबूत हाये ना? मला ह्या कुस्त्यांची भीती वाटत नाही बेटा. सगळं ठरलेलं असतं, इम्मू घरी सांगतो. कोण पडणार, कोण जिंकणार. पण लोखंडाला कुणी सांगितलेलं नसतं ना."

रविराज हसला. "बिनघोर बसा. हत्ती टांगा."

मागच्या रांगेतून कुणीतरी खाकरलं. सावळीराम, चांदवडकडचा म्हातारा शेतकरी, रविराजचं जुनं गिऱ्हाईक. "हत्ती टांग, पण माझ्या चाळीचं दार आधी नीट कर. दोन वर्सं झाली, धक्का दिल्याबिगर लागत नाय."

"मामा, ते दार वाऱ्यानं वाकलंय."

"वारा माझ्याच घरी येतो का रे?"

आजूबाजूचे हसले. चाचीसुद्धा हसल्या. पर्सवरची बोटं मात्र सैल झाली नाहीत.

पिंजऱ्यातली कुस्ती तिघांविरुद्ध तिघे अशी होती. जाळी चढून, वरून पलीकडं जाऊन ज्याचे पाय बाहेरच्या जमिनीला आधी लागतील त्याचा संघ जिंकला; आणि थोड्या विश्रांतीनंतर त्याच पिंजऱ्यात तोच पैलवान पट्ट्यासाठी चॅम्पियनशी लढणार. निवेदकानं हे माइकवर सांगितलं तेव्हा रविराज भेळ खात होता.

चढून?

त्याचा घास तोंडातच राहिला.

अमोलशेठ आदळण्याचं बोलला होता. चढण्याचं नाव त्यानं काढलं नव्हतं, आणि विचारायचं रविराजला सुचलं नव्हतं. आदळणारा माणूस जाळीला खांबाकडं रेटतो. आतून चढणारा तिला बोटं अडकवून पाठ मागं टाकतो, म्हणजे खांबापासून आत ओढतो. आणि आतल्या बाजूला जाळी धरायला आहे काय? तार. नुसती बांधायची बारीक तार.

घंटा वाजली. सहा पैलवान एकमेकांवर तुटून पडले. कुणी जाळीवर आदळलं की अख्खा पिंजरा झणाणायचा, लोक उठून ओरडायचे, आणि जाळी दरवेळी शहाण्या सुनेसारखी खांबाला टेकायची. रविराज स्वतःला समजावत होता, की तारेचे पीळ आपण चांगले घट्ट दिलेत, की पोरं हलकी आहेत.

मग पलीकडच्या संघातलं एक किडकिडीत पोर समोरच्या बाजूनं चढायला लागलं. अर्ध्यावर गेलं तोच इमराननं त्याला पाय धरून खाली खेचलं. लोक हसले. रविराज हसला नाही. त्यानं बघितलं होतं: मधल्या खांबापाशी जाळी बोटभर आत आली होती, आणि पोर पडल्यावरही ती परत गेली नव्हती. वरची एक तार तुटून मिशीसारखी उभी राहिली होती.

"चाची," तो म्हणाला. "शेवटी चढतो कोण?"

"इम्मूच ना! ह्याच बाजूनं, आपल्या समोरून. मी बसणार म्हणून त्यानं मुद्दाम ही बाजू मागून घेतली. आणि तो रोडरोलर आहे ना, रुद्र, तो त्याच्या पायाला लोंबकळणार. मग इम्मू त्याला लाथ मारून पाडणार. नाटक सगळं. रुद्र आमच्या घरी शीरखुर्मा खाऊन जातो."

रोडरोलर नावाला जागेल एवढा होता. रविराजला मनातल्या मनात वजनं मिळवायची सवय, धंदाच तो. इमरान अधिक रुद्र. त्यानं बेरीज केली आणि ती केल्याचा त्याला लगेच पश्चात्ताप झाला. जाळी सोलल्यासारखी आत येणार. इमरान पाठीवर पडणार, खाली रुद्र, आणि वरून कापलेल्या टोकांची अख्खी जाळी.

"पाणी घेऊन येतो," म्हणून तो उठला. खरं सांगायची जागा चाचीच्या शेजारीच होती. पण खरं सांगायला माणूस नेहमी दुसरं दार शोधतो.

अमोलशेठ साउंडच्या टेबलामागं दोन फोनवर बोलत होता.

"शेठ, कुस्ती थांबवा. समोरची जाळी सुटतीय."

"काय?"

"चढायचं सांगितलं नव्हतं तुम्ही!"

"पिंजऱ्याची कुस्ती म्हटल्यावर चढणारच ना, आत काय भजन करणार?" शेठनं फोन छातीशी धरला. "हे बघ, एवढं पब्लिक आहे. थांबवलं तर खुर्च्या मोडतील. एकच चढाई राहिलीय. काढ ना तेवढी."

"तेवढ्यातच मरेल तो!"

"तूच म्हणालास, हत्ती टांगा."

हे वाक्य रविराज गावभर म्हणत असे. शेठनं ते अगदी त्याच्याच सुरात म्हणून दाखवलं.

मैदानातून आरोळी उठली. इमराननं जाळीत बोटं अडकवली होती.

रविराज धावला. कठड्यापाशी दोन बाउन्सरांनी त्याला धरलं. "सोडा! जाळी सुटतीय! इमरान, उतर!" तो ओरडत होता, आणि लोकांना मजा वाटत होती. असल्या खेळात मधूनच कुणीतरी रिंगकडं धावतोच.

"हा कुठल्या पार्टीचा रे?"

"व्हिलनचा असंल. तोंड बघ की!"

निवेदकानंही संधी सोडली नाही. "आणि हा कोण नवा गडी आलाय मैदानात!"

इमरान दोन हात वर गेला. खाली रुद्रनं झेप घेऊन त्याचा पाय धरला. टक्. रविराजला तेवढा गोंगाट चिरूनही ऐकू आलं. टक्, टक्. चाची खुर्चीवरून उठल्या होत्या. त्या पिंजऱ्याकडं बघत नव्हत्या, रविराजच्या तोंडाकडं बघत होत्या. आणि पाणी आणायला गेलेला माणूस असा का ओरडतोय हे त्यांना कळून चुकलं होतं.

"रविराज!" सावळीराम बाउन्सरच्या काखेतून डोकं काढून म्हणाला. "झालं काय?"

"मामा, जाळी आतून बांधलीय! चाळीसारखी! वर माणूस चढलाय!"

म्हाताऱ्यानं एकदा वर बघितलं. कांदा काढताना रिकाम्या चाळीच्या जाळीला लोंबकळणारी पोरं त्यानं जन्मभर हाणली होती. त्याला दुसरं वाक्य लागलं नाही.

"अय पोरांनो!" तो मागं वळून गरजला. "जेवणाची टेबलं आणा! जाळी भाईरून वढा! भाईर!"

चांदवडची, निफाडची पोरं. निम्म्यांना कळलं, निम्म्यांना खेळ वाटला; धावली मात्र सगळी. बाउन्सर दोन होते, ती पंचवीस होती. बुफेची टेबलं पिंजऱ्याला भिडली, टेबलांवर खुर्च्या चढल्या, खांबांच्या मधून हात गेले आणि बोटं जाळीत रुतली. रविराज मधल्या खांबापाशी टेबलावर उभा होता. तुटलेल्या तारेचं टोक त्याच्या तळव्यात घुसलं होतं. त्याच्या नाकासमोर, जाळीपलीकडं, इमरानचं घामेजलेलं पोट.

"काका, हे काय चाललंय?" इमराननं दात आवळून विचारलं. "हे ठरलेलं नाहीये."

"तार तुटतीय. रुद्रला लाथ मारू नको. झटका बसला तर संपलं. रुद्र! हळू सोड! खाली टेक!"

रुद्रनं वर बघितलं. एवढा मोठा माणूस, पण चेहरा लहान मुलासारखा झाला. त्यानं पाय सोडला नाही आधी. आधी स्वतःचा एक पाय रिंगच्या दोरावर टेकला, मग दुसरा, मग बोटं एकेक करून उघडली. प्रेक्षकांना हे अजिबात आवडलं नाही.

"अरे मार ना लाथ! घाबरला, तोफखाना घाबरला!"

टक्.

जाळी वीतभर आत आली. तिच्याबरोबर पंचवीस जणांचे हात आत गेले. कुणीतरी आईच्या नावानं ओरडलं. रविराजनं कपाळ खांबाला लावलं, डोळे मिटले आणि मागं झुकला. त्या वेळी त्याच्या डोक्यात देव नव्हता, बेरीज नव्हती. फक्त बोटं होती, आणि ती उघडायची नव्हती. त्याच्या कमरेला कुणीतरी गच्च विळखा घातला. त्यानं खाली बघितलं. अनवरीचाची टेबलावर चढल्या होत्या. पर्स कुठंतरी गेली होती. त्या त्याला मागं ओढत होत्या आणि तोंडानं सारखं पुटपुटत होत्या.

इमराननं खांबांना वरून जोडणारा पाइप पकडला. एक ढोपर वर. मग दुसरं. तो पाइपवर आडवा पडला, आणि जाळीवरचा भार गेला.

तो बाहेरच्या बाजूनं खांबाला धरून घसरत उतरला. पाय जमिनीला लागले, घंटा झाली, ढोल वाजला. निवेदक ओरडत होता की नाशिकच्या पब्लिकनं आज पिंजराच ताब्यात घेतला. पोरं एकमेकांच्या चिरलेल्या बोटांचे फोटो काढत होती.

चाचींनी मुलाला हात लावला नाही. नुसतं बघितलं, वरपासून खालपर्यंत, माल उतरवून घेताना बघतात तसं. मग रविराजकडं वळल्या.

"हे पण ठरलेलं होतं?"

"नाही चाची. एवढंच खरं होतं." "चूक माझी. कांद्याची जाळी माणसाला लावली. कळल्यावर तुम्हाला सांगायला हवं होतं. भ्यालो."

शिव्या मिळाल्या असत्या तर रविराज हलका झाला असता. तेवढीही सोय चाचींनी ठेवली नाही.

अमोलशेठ धावत आला. "काय हिट झालंय! पट्ट्याच्या कुस्तीलाही असंच करू. टेबलं राहू द्या!"

"वेल्डिंग मशीन टेंपोत आहे," रविराज म्हणाला. "मी सांगेपर्यंत कुणी आत जाणार नाही."

"अरे, पण पब्लिक..."

"खुर्च्या मोडू दे."

हाताला रुमाल गुंडाळून तो आत उतरला. आतल्या अंगानं लोखंडी पट्ट्या, पट्टी आणि खांब यांच्यामध्ये जाळी, आणि हातहातभर अंतरावर वेल्डिंगचे टाके. चारही बाजू. प्रेक्षकांनी शिट्ट्या मारल्या, मग कंटाळून वडे खाल्ले. ऊन उतरलं. चाची रिंगच्या कडेला उभ्या राहून प्रत्येक टाका बघत होत्या. वेल्डिंगकडं बघू नका म्हणून सांगितलं, तरी पदर डोळ्यांवर धरून बघतच राहिल्या.

"झालं," शेवटी रविराज म्हणाला. हत्तीचं नाव त्यानं काढलं नाही.

"झालं?" चाची म्हणाल्या. "मग आता तू चढ."

"मी?"

"तूच. इम्मूसारखं. आतून."

रविराजचं पोट पैलवानाचं नव्हतं आणि उंचीशी त्याचं कधीच पटलं नव्हतं. चाळीच्या पत्र्यावर तो नेहमी कामगारांना चढवायचा. त्यानं जाळीत बोटं अडकवली. चिरलेला तळवा आगीसारखा पेटला. एक पाय, दुसरा पाय. लोकांच्या लक्षात आलं तसे ते ओरडायला लागले. अर्ध्यावर तो थांबला.

"पाठ मागं टाक," खालून चाची म्हणाल्या.

त्यानं टाकली.

"अजून."

त्यानं अजून टाकली. लोखंड कुरकुरलं. टाके आपलेच, पण आजच्या दिवशी 'आपले' या शब्दावर त्याचा विश्वास उरला नव्हता.

चाची मागं वळल्या. रुद्र दोरापाशी वडापाव खात उभा होता.

"रुद्र बेटा, तू पण. धर त्याचा पाय."

"चाची!" रविराज वरून किंचाळला.

रुद्रनं उरलेला पाव तोंडात कोंबला, हात पुसले आणि येऊन पाय धरला. मग रोडरोलरनं आपलं सगळं वजन त्या पायावर सोडलं. रविराजनं डोळे गच्च मिटले. खाली अनवरीचाचींनी खांबाला कान लावला होता आणि एक हात वर केला होता, सगळ्यांनी गप्प बसावं म्हणून. आणि एवढं मोठं पब्लिक खरोखरच गप्प झालं. कुठंच काही तुटल्याचा आवाज आला नाही. तरी चाचींनी कान काढला नाही. वर रविराज थरथरत होता आणि त्याच्याबरोबर अख्खी जाळी, पण ती होती तिथंच होती.

बऱ्याच वेळानं त्यांनी हात खाली घेतला.

"उतर," त्या म्हणाल्या, आणि मागं वळून मुलाला हाक मारली, "इम्मू, ये."